हजर पर्वत : दगड आणि पाण्याच्या वाटेने

पहिला दिवस : मस्कत ते निझवा

मस्कतमधील मत्रा बंदराच्या मागे जे काळपट तपकिरी, धारदार कड्यांचे डोंगर थेट समुद्रात उतरतात, त्यांच्यावर गवताचे पातेही दिसत नाही, आणि बंदरावर फिरायला येणारे बहुतेक लोक त्यांच्याकडे पाठ करून समुद्राची छायाचित्रे काढतात. मला मात्र ओमानला येण्याचे कारण हेच डोंगर होते. मस्कतला नोकरीनिमित्त स्थायिक झालेला माझा मावसभाऊ गाडी चालवणार होता, आणि मार्चअखेरची हवा डोंगरात फिरण्यासाठी अजून सोसण्याजोगी होती.

हजर पर्वत अरबी द्वीपकल्पाच्या ईशान्य कोपऱ्यात उभा आहे. उत्तरेला होर्मुझच्या सामुद्रधुनीत घुसलेल्या मुसंदमपासून आग्नेयेला सूरच्या परिसरापर्यंत त्याची कमान सुमारे ७०० किलोमीटर पसरली आहे, आणि तिचा काही भाग संयुक्त अरब अमिरातीत येतो. मराठी वाचकाला या प्रदेशाची रचना चटकन उमगेल, कारण ती कोकण, सह्याद्री आणि देश या आपल्या मांडणीशी जुळणारी आहे : समुद्रालगत बातिनाची अरुंद सपाटी, तिच्या मागे पर्वताची भिंत, आणि भिंतीपलीकडे दाखिलिया हा आतला मुलूख, जो पुढे वाळवंटात विरत जातो. साम्य एवढ्यावरच संपते. सह्याद्री मोसमी पाऊस अडवतो आणि त्यावर कोकण जगते. हजरच्या वाट्याला मोसमी ढग जवळजवळ येतच नाहीत. हिवाळ्यात पश्चिमेकडून येणारे कमी दाबाचे पट्टे, उन्हाळ्याच्या दुपारी डोंगरमाथ्यावर उसळणारी वादळे आणि काही वर्षांच्या अंतराने येणारी चक्रीवादळे, एवढाच त्याचा पाऊस. मस्कतला वर्षाकाठी सरासरी १०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. एवढ्याशा पाण्यावर या पर्वताच्या पायथ्याशी हजारो वर्षे गावे कशी टिकली, हा प्रश्न मनात घेऊनच आम्ही निघालो.

निझवाचा रस्ता समाईलच्या खिंडीतून जातो. ही खिंड पर्वताचे पश्चिम हजर आणि पूर्व हजर असे दोन भाग करते, आणि किनारा व आतला मुलूख यांना जोडणारी ही शेकडो वर्षांची मुख्य वाट आहे. आज येथून रुंद महामार्ग जातो आणि निझवापर्यंतचे सुमारे १६० किलोमीटर दोन तासांच्या आत सरतात, पण आम्ही दिवसभर लावला, कारण रस्त्याच्या दोन्ही बाजूंना जो खडक उघडा पडला आहे तसा जगात फार थोड्या ठिकाणी पाहायला मिळतो.

पृथ्वीचे वरचे कवच आणि त्याखालचे प्रावरण हे आपण शाळेत आकृतीत पाहतो. महासागराखाली हे कवच सहा-सात किलोमीटर जाड असते, म्हणून प्रावरणाचा खडक जागच्या जागी कोणाला पाहायला मिळत नाही. हजरमध्ये मात्र तो रस्त्याकडेला आहे. सुमारे साडेनऊ कोटी वर्षांपूर्वी, आज नाहीशा झालेल्या निओटेथिस महासागराचा तळ तयार झाला आणि थोड्याच काळात अरबी भूखंडाच्या कडेवर चढला. एरवी महासागराचा जड तळ भूखंडाखाली शिरतो. येथे भूखंडाची कडच खाली ओढली गेली आणि महासागराचा तळ तिच्यावर सरकत आला. तळाच्या लाव्हापासून प्रावरणाच्या पेरिडोटाइटपर्यंतचे सर्व थर सोबत असलेल्या अशा खडकसमूहाला ओफिओलाइट म्हणतात, आणि समाईलचा ओफिओलाइट हा जगातील सर्वांत मोठ्या व सर्वांत स्पष्ट दिसणाऱ्या ओफिओलाइटांपैकी एक आहे. वादी म्हणजे बहुतेक काळ कोरडे राहणारे नदीपात्र. उत्तरेकडील वादी जिझ्झीत पाण्याखाली थिजलेल्या लाव्हाचे उशांच्या आकाराचे गोळे आहेत, आणि काही वाद्यांत कवच जेथे संपते व प्रावरण सुरू होते ती सीमाच पायी ओलांडता येते. भूगर्भशास्त्राचे विद्यार्थी जगभरातून येथे येतात ते यासाठी.

फंजा गावाच्या पुढे आम्ही महामार्ग सोडून एका वादीत उतरलो. गडद तपकिरी पेरिडोटाइटमध्ये पांढऱ्याशुभ्र शिरांचे जाळे पसरले होते. या खडकातील ऑलिव्हिन हे खनिज हवापाण्याशी सहज अभिक्रिया करते. पाणी खोल भेगांत शिरले की त्यापासून हिरवट सर्पेंटाइन तयार होते आणि पाणी इतके अल्कधर्मी होते की काही झऱ्यांचा सामू अकराच्या वर जातो. असे पाणी पृष्ठभागावर आले की हवेतील कार्बन डायऑक्साइड शोषून घेते आणि चुन्याचा पांढरा साका धरते. हवेतील कार्बनचे अशा रीतीने आपोआप दगडात रूपांतर होण्याचे येथील प्रमाण वर्षाला दहा हजार ते एक लाख टनांच्या दरम्यान असावे, असा शास्त्रज्ञांचा अंदाज आहे. हीच क्रिया जलद करण्यासाठी ४४.०१ ही ओमानी कंपनी पेरिडोटाइटमध्ये कार्बन डायऑक्साइड मिसळलेले पाणी सोडण्याचे प्रयोग करते, आणि तिला २०२२ चे अर्थशॉट पारितोषिक मिळाले आहे. कंपनीचे नाव म्हणजे कार्बन डायऑक्साइडचे रेणुवस्तुमान.

माणसाच्या दृष्टीने मात्र हा खडक कठोर आहे. त्याच्यापासून होणाऱ्या मातीत मॅग्नेशियम आणि निकेल जास्त, वनस्पतींना लागणारी द्रव्ये कमी. त्याने दिले ते तांबे. मेसोपोटेमियाच्या कीलाकार लेखांत मगन नावाच्या ज्या देशाहून तांबे आल्याचे उल्लेख आहेत तो देश म्हणजे हाच परिसर, असे पुरातत्त्वज्ञ मानतात, आणि सोहारमागच्या डोंगरांत जुन्या भट्ट्यांची धातुमळी आजही पडलेली आहे.

संध्याकाळी इझ्की मागे पडले आणि उजव्या हाताला करड्या चुनखडीची प्रचंड उतरती भिंत दिसू लागली. तपकिरी डोंगर संपले, खजुरीच्या बागा सुरू झाल्या. निझवा, बिरकत अल मौझ, बहला, अल हमरा आणि पलीकडच्या बाजूची रुस्ताक व नखल ही सारी जुनी गावे या चुनखडीच्या पायथ्याला धरून बसलेली आहेत. नकाशावर त्यांच्या ठिपक्यांची माळ पाहिली तेव्हाच, येथे गाव कोठे वसले हे समजून घ्यायचे तर आधी खडक पाहावा लागेल, अशी माझी खात्री झाली.

दुसरा दिवस : बिरकत अल मौझ आणि जबल अख्दर

सकाळी बिरकत अल मौझ येथे फलज अल खतमैन पाहिला. फलज म्हणजे केवळ उताराच्या बळावर पाणी आणणारा पाट. ओमानात असे सुमारे ३,००० पाट आजही वाहते आहेत आणि त्यांपैकी पाच २००६ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आले, त्यांतला हा एक. दाऊदी प्रकारच्या फलजाचा उगम डोंगराच्या पायथ्याशी खोल खणलेल्या मूळ विहिरीत असतो. तेथून जवळजवळ सपाट वाटावा इतक्या मंद उताराचा बोगदा गावाकडे आणतात आणि ठरावीक अंतरावर उभी भुयारे पाडतात, म्हणजे गाळ काढायला आत उतरता येते. घैली फलज वादीच्या वाहत्या पाण्यावर चालतो, ऐनी फलज झऱ्यावर.

पाट गावात शिरतो तेथे पहिली जागा पिण्याचे पाणी भरण्याची, मग मशिदीची, मग स्नानाची आणि धुण्याची, त्यानंतर खजुराच्या बागा, आणि सगळ्यांत शेवटी हंगामी पिकांची वाफे. हा क्रम फार विचारपूर्वक लावलेला आहे, कारण पाणी घटले तर आधी शेवटची वाफे सुकतात. अनेक वर्षांच्या कष्टाने वाढलेली खजुराची झाडे वाचतात. बागांचे पाणी वेळेने वाटले जाते. अर्ध्या तासाच्या वाट्याला अथर म्हणतात, आणि घड्याळे येण्यापूर्वी तो दिवसा छायायंत्राच्या सावलीवरून व रात्री ताऱ्यांवरून मोजत. काही वाटे लिलावाने विकून फलजाच्या दुरुस्तीचा खर्च भागवतात. बागेत काम करणाऱ्या एका वृद्ध गृहस्थांनी आम्हाला मोडक्या हिंदीत सांगितले, “हमारा बारी रात को है, इसलिए अभी बैठा है.” आम्ही त्यांना चाचा म्हणत होतो, त्यांनी आम्हाला खजूर आणि कहवा दिल्याशिवाय सोडले नाही.

गावाच्या वर पोलिसांची चौकी आहे आणि तेथून पुढे फक्त चारही चाकांना गती देणाऱ्या गाड्या सोडतात. हा नियम योग्य आहे, कारण वादी मुऐदिनच्या कडेने रस्ता थोड्याच अंतरात दीड हजार मीटरच्या आसपास चढतो. चढताना खिडकीबाहेर चुनखडीचे थर एकाच दिशेला कललेले दिसतात. आम्ही चढत होतो तो संपूर्ण डोंगर, जबल अख्दर, हा एक घुमट आहे : थर मधोमध उचलले गेले, उलट्या ठेवलेल्या परातीसारखे चारही बाजूंना उतरले, आणि मग वाद्यांनी मधला भाग कोरून काढला. वर आलेला ओफिओलाइट घुमटाच्या माथ्यावरून झिजून गेला, म्हणून तो आज फक्त कडेने शिल्लक आहे. ओफिओलाइट चढला ती घटना आणि पर्वताला आजची उंची मिळाली ती घटना, यांत काही कोटी वर्षांचे अंतर आहे, हे लक्षात ठेवावे लागते. दोन्ही एकाच वेळी घडल्याचा समज प्रवासी पुस्तिकांत हमखास आढळतो.

सैक पठार सुमारे २,००० मीटर उंचीवर आहे. येथे वर्षाला ३०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस होतो, हिवाळ्याच्या रात्री पारा शून्याखाली जातो, आणि निझवात शर्टाच्या बाह्या दुमडून बसलेल्या आम्हाला येथे स्वेटर घालावे लागले. पठाराच्या कडेला, वादीच्या तोंडावर, अल अक्र, अल ऐन आणि अश शिरैजा ही गावे अक्षरशः कड्यावर टेकली आहेत. पठारावर सपाट जागा असताना माणसे कडेला का राहिली? वरची चुनखडी भेगाळलेली आहे, पाऊस तिच्यात मुरतो. तिच्याखाली फार जुन्या, पाणी न झिरपू देणाऱ्या खडकाचा थर आहे. मुरलेले पाणी त्या थरावर अडते आणि वादीने कडा जेथे कापला आहे तेथे झऱ्यांच्या रूपाने बाहेर पडते. झरे कड्यात, म्हणून गावेही कड्यावर. आणि झऱ्यांच्या खाली पायरीपायरीने उतरत जाणारी शेते.

त्या पायऱ्यांवर गुलाब फुलले होते. मार्चअखेर ते मे हा गुलाबांचा काळ, आणि फुले पहाटे, ऊन चढण्याआधी खुडतात. मातीच्या भट्टीवरील भांड्यात पाकळ्या शिजवून, वर थंड पाण्याचे भांडे ठेवून वाफ थिजवतात आणि गुलाबपाणी जमा करतात. धुराचा वास थोडा उतरलेले हे गुलाबपाणी गडद रंगाचे असते, आणि बाजारातील पारदर्शक गुलाबपाण्यापेक्षा मला ते कितीतरी अधिक आवडले. गुलाबांशेजारी डाळिंब, जर्दाळू, अक्रोड ही थंडी मागणारी झाडे आहेत. अशा झाडांना फळ धरण्यासाठी हिवाळ्यात ठरावीक तास थंडीचे लागतात, आणि ते तास या पठारावर घटत चालल्याचे संशोधकांनी नोंदवले आहे. खालच्या काही पायऱ्या कोरड्या आणि मोडकळलेल्या होत्या. वादी बनी हबीबचे जुने गाव तर रिकामे पडले आहे. दगडमातीच्या घरांखाली अक्रोडाची झाडे तेवढी उभी आहेत. पठारावर मोठी हॉटेले उभी राहत असताना या पायऱ्यांच्या वाट्याला येणारे पाणी कमी होणे मला फार लागले.

तिसरा दिवस : जबल शम्स

निझवाहून अल हमरा, तेथून घुल गाव आणि मग चढ. जबल शम्स हे ओमानमधील सर्वोच्च शिखर सुमारे ३,००० मीटर उंच आहे, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या जवळजवळ दुप्पट. उत्तरेकडील सर्वोच्च माथा लष्कराच्या ताब्यात आहे. गिर्यारोहक दक्षिणेकडील, तीन हजारांना किंचित कमी असलेल्या माथ्यावर जातात. आम्ही शिखर न गाठता दरीच्या कडेची वाट धरली.

वादी नखरची ही दरी सुमारे १,००० मीटर खोल आहे आणि तिला ओमानची ग्रँड कॅन्यन म्हणण्याची पद्धत पडली आहे. मला ती तुलना अपुरी वाटते, कारण येथील कडे चुनखडीचे आहेत आणि त्यांच्या उभेपणाला चुनखडीचा स्वतःचा स्वभाव कारणीभूत आहे : ती पावसाने विरघळते, भेगांवर उभी तुटते, पण कोरड्या हवेत तिचा उतार होत नाही. अल खतैम वस्तीपासून निघणारी पायवाट कड्याच्या मध्यावरील एका थराच्या ओट्यावरून जाते. ओट्याच्या रुंदीएवढी वाट, डावीकडे भिंत, उजवीकडे पोकळी. वाटेच्या शेवटी अस साब हे सोडून दिलेले गाव आहे. पुढे झुकलेल्या कड्याच्या आडोशाला दगडी घरे, त्यांच्या वर झऱ्याचे कुंड, खाली काही बांधीव वाफे. काही कुटुंबे या ओट्यावर धान्य पिकवून राहिली, यावर तेथे उभे राहूनही विश्वास ठेवणे जड जाते. पण कुंडात पाणी होते, आणि त्यातच सगळे उत्तर होते.

दरीच्या वरच्या कड्यांतील चुनखडी नातिह या नावाने ओळखली जाते. ती क्रिटेशस काळातील (सुमारे साडेचौदा ते साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या) उथळ समुद्रात साचली, आणि तिच्यात शिंपल्यांचे अवशेष जागोजागी दिसतात. हेच थर दक्षिणेला कलत वाळवंटाखाली जातात, आणि फहूदच्या खाली त्यांच्याच छिद्रांत तेल साठलेले आहे. फहूदला तेल सापडले १९६४ मध्ये आणि निर्यात सुरू झाली १९६७ मध्ये. आजचा ओमान त्या तेलावर उभा राहिला. डोंगरावर ज्या थराने पाणी धरले, वाळवंटाखाली त्याच थराने तेल धरले.

माथ्याकडे, सुमारे २,१०० मीटरच्या वर, जुनिपरची जुनी, पिळवटलेली झाडे लागतात. त्याखाली रानटी ऑलिव्ह. या कड्यांचा खरा रहिवासी म्हणजे अरबी ताहर, हा लहान चणीचा, शेळीच्या जवळचा प्राणी. तो जगात फक्त हजर पर्वतात आढळतो आणि संकटग्रस्त आहे. आम्हाला तो दिसला नाही. पण त्याच्या शास्त्रीय नावाशी मराठी माणसाचे नाते आहे : अरेबिट्रागस जयाकारी. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इंडियन मेडिकल सर्व्हिसमधील डॉ. आत्माराम सदाशिव जयकर मस्कतला दीर्घकाळ शल्यचिकित्सक होते. वैद्यकीच्या जोडीला त्यांनी ओमानचे प्राणी, मासे, सरडे, साप यांचे नमुने गोळा करून लंडनच्या संग्रहालयाकडे पाठवले, आणि त्यांतून १८९४ मध्ये ओल्डफील्ड थॉमस यांनी या ताहरचे वर्णन करून त्याला जयकरांचे नाव दिले. येथील एक मोठा सरडा, वाळूत राहणारा एक साप आणि एक समुद्रघोडाही त्यांच्याच नावाने ओळखले जातात. ओमानी अरबी बोलीवरही त्यांनी लिहिले. महाराष्ट्रात त्यांचे नाव आज क्वचितच निघते, हे मला योग्य वाटत नाही. मस्कतला जाणाऱ्या प्रत्येक मराठी माणसाने ते जाणून घ्यावे.

चौथा दिवस : अल हमरा, मिस्फत आणि खिंडीपलीकडे

सकाळ अल हूता गुहेत गेली. जबल शम्सच्या पायथ्याशी चुनखडी विरघळून झालेली ही सुमारे साडेचार किलोमीटरची गुहा आहे, तिचा थोडा भाग पाहण्यासाठी खुला आहे, आणि आतल्या तळ्यात डोळे नसलेले फिकट गुलाबी मासे राहतात. मिस्फत अल अब्रीईनमध्ये दगडी घरांमधून जाणाऱ्या फलजाच्या कडेने तासभर चाललो. अल हमराची मातीची बहुमजली घरे पाहायची राहिली, कारण खिंड उजेडात ओलांडायची होती.

शरफ अल अलमैन ही खिंड सुमारे २,००० मीटरवर आहे. तेथून उत्तरेकडे पाहिले की घुमटाचे पोट उघडे दिसते. पुढचा कच्चा रस्ता एकेरी, तीव्र वळणांचा आहे, आणि मावसभावाने गाडी पहिल्या गिअरमध्ये उतरवत आणली. हत गाव मागे टाकून बलद सैत लागले : हिरव्या वाफ्यांचा एक तुकडा, त्याच्या कडेला उंचवट्यावर दाटीने बसलेली घरे. घरे मुद्दाम खडकावर बांधलेली आहेत, म्हणजे माती पिकासाठी राहते आणि पूर घरांपर्यंत येत नाही.

घुमटाच्या गाभ्यातील खडक अतिशय जुने आहेत. शेजारच्या घुब्रा आणि सहतान या कोरलेल्या खोऱ्यांत सुमारे ७० कोटी वर्षांपूर्वीचे असे थर उघडे पडले आहेत, ज्यांत हिमनद्यांनी वाहून आणलेले गोटे आहेत. पृथ्वीचा फार मोठा भाग बर्फाखाली गेला होता त्या काळाचा हा पुरावा मानतात. या तिरक्या थरांवर पर्मियन काळातील (सुमारे तीस ते पंचवीस कोटी वर्षांपूर्वीची) चुनखडी वेगळ्याच कोनात बसलेली दिसते, आणि त्या दोहोंमधील एका रेषेत कोट्यवधी वर्षांच्या नोंदी गळालेल्या आहेत. सैक पठाराच्या झऱ्यांना अडवणारा थर तो हाच जुना खडक, हे येथे उभे राहिल्यावर नीट लक्षात आले.

वादी बनी औफच्या अरुंद घळीतून बाहेर पडेपर्यंत मावळतीला आले. घळीच्या भिंतींवर माणसाच्या उंचीच्या कितीतरी वर पुराने अडकवलेला पालापाचोळा होता. डोंगरावर दूर कोठेतरी पाऊस पडला की निरभ्र आकाशाखालीही या घळींत लोंढा येतो. म्हणून ढग असतील त्या दिवशी येथे उतरू नये, आणि रस्त्यावर वादीच्या पात्रात उभारलेल्या खांबांचा लाल भाग पाण्याला लागला असेल तर गाडी पुढे घालू नये.

पाचवा दिवस : रुस्ताक आणि बातिनाची सपाटी

रुस्ताकच्या ऐन अल कस्फा झऱ्याचे पाणी हाताला कढत लागते. चुनखडीत खोल गेलेले पाणी भूगर्भाच्या उष्णतेने तापून येथे वर येते, आणि गावचे लोक त्यात स्नान करतात. फलज अल मुयस्सर हा जागतिक वारशातील आणखी एक पाटही येथलाच.

रुस्ताकनंतर डोंगर एकदम संपतो आणि वाद्यांनी आणून टाकलेल्या गोट्यावाळूची पसरट सपाटी समुद्रापर्यंत जाते. हीच बातिना, ओमानच्या शेतीचा मोठा आधार. पर्वतातून येणारे पाणी या गोट्यांच्या थरात मुरते आणि किनाऱ्याजवळच्या विहिरींना मिळते. पूर्वी बैल मोटेने पाणी ओढत. पंप आल्यापासून उपसा इतका वाढला की समुद्राचे खारे पाणी भूजलात आत सरकले आणि किनाऱ्यालगतच्या अनेक खजूरबागा वाळल्या. वाटेत अशा बागांचे बिनशेंड्याचे बुंधे ओळीने दिसतात.

उपाय म्हणून वाद्यांच्या तोंडाशी पुनर्भरण धरणे बांधली आहेत. मस्कतजवळचे अल खौद धरण १९८५ मधील आहे. ही धरणे पाणी साठवून ठेवण्यासाठी नाहीत. पुराचे पाणी थोडा वेळ अडवतात, गाळ खाली बसू देतात आणि मग नितळ पाणी सावकाश खालच्या गोट्यांच्या थरात सोडतात, कारण गाळासकट सोडले तर थराची छिद्रे बुजतात. ऑक्टोबर २०२१ मध्ये शाहीन चक्रीवादळ याच बातिना किनाऱ्यावर आले तेव्हा लोंढ्यांनी सुवैक आणि खाबूरा भागात घरे, रस्ते आणि बागा वाहून नेल्या. आम्ही पाहिलेल्या धरणामागे पाण्याचा थेंब नव्हता. तळाला गाळाचा भेगा पडलेला थर होता, आणि भिंतीच्या खालच्या बाजूला, पाणी जेथे मुरवतात तेथे, एक शेतकरी आपल्या विहिरीचे पाणी जिभेवर घेऊन मावसभावाला सांगत होता की यंदा ते मागच्या वर्षीपेक्षा गोड आहे.